मामाची मुलगी चालते, मग काकाची का नाही?

प्रश्न थोडक्यात असा आहे. विचारणाऱ्या बाईंच्या पुतण्याचं लग्न त्याच्या सख्ख्या मामाच्या मुलीशी ठरतंय. घरात सगळे खूश आहेत. पण ऑफिसातल्या लखनौकडच्या सहकारी बाईंनी ते ऐकलं आणि "म्हणजे बहिणीशीच?" म्हणून तोंड वाकडं केलं. तेव्हापासून विचारणाऱ्या बाईंच्या मनात घोळतंय ते हे: आपल्याकडे मामाची मुलगी करतात आणि काकाच्या मुलीचा नुसता विचारही अंगावर काटा आणतो, याला काही शास्त्रीय आधार आहे का? आणि इतके खोलवर रुजलेले निषेध मुळात येतात कुठून?

नातेसंबंध हा माझा अभ्यासाचा विषय. पश्चिम महाराष्ट्रातल्या गावांत बसून वंशावळ्या लिहून घेण्यात उमेदीची बरीच वर्षं गेली, त्यामुळे उत्तर लांबणार आहे.

आधी सरळ उत्तर: या फरकाला जीवशास्त्राचा आधार नाही. मामाची मुलगी असो की काकाची, तुमच्या पुतण्याशी तिचे सरासरी एक अष्टमांश जनुक समान असतात. अशा जोडप्याच्या मुलाला आई आणि बाप या दोघांकडून एकाच पूर्वजाचा तोच जनुक मिळण्याची शक्यता दोन्ही बाबतींत सोळात एक. बारकाईनेच बघायचं तर तागडी उलट्या बाजूला झुकते. पुरुषाला एक्स गुणसूत्र फक्त आईकडून मिळतं. त्यामुळे काकाच्या मुलीशी लग्न झालं तर सामाईक आजी-आजोबांचं एक्स गुणसूत्र नवऱ्याकडून पुढे जाण्याची वाटच बंद असते. मामाच्या मुलीशी लग्न झालं तर आजीचं तेच गुणसूत्र नवरा-बायको दोघांकडूनही पोटच्या मुलीत उतरू शकतं. म्हणजे जे लग्न आपण पाप मानतो तेच या एका बाबतीत थोडं कमी जोखमीचं.

"आपल्या पूर्वजांना आनुवंशिकता कळत होती, म्हणून त्यांनी गोत्र पाळलं" हे वाक्य मला दर दोन-चार महिन्यांनी कुणीतरी ऐकवतं. कळत असती तर त्यांनी दोन्ही बहिणी वर्ज्य केल्या असत्या. गोत्र फक्त बापाच्या बाजूने चालतं, आईच्या आईचा हिशेब त्यात कधीच धरत नाहीत. काश्यप गोत्राची एक मुलगी रत्नागिरीची, एक मुलगा काशीचा. पंचवीस-तीस पिढ्यांत त्यांच्या रक्ताचा संबंध आलेला नसला तरी ते भाऊ-बहीण. आणि मामाची मुलगी, जिच्या आणि आपल्या नाकातही साम्य आहे, ती परकी! हा नियम जनुकांसाठी बनवलेला नाही. तो कशासाठी बनवला हा खरा प्रश्न.

त्याआधी अंगावर येणाऱ्या त्या काट्याबद्दल. तो खरा असतो, ढोंग नसतो. फिनलंडचा अभ्यासक एडवर्ड वेस्टरमार्क याने १८९१ मध्ये मांडलं की लहानपणी जी मुलं एकत्र वाढतात त्यांच्यात मोठेपणी एकमेकांबद्दल लैंगिक ओढ निर्माण होत नाही, उलट नकोसेपणा येतो. त्यावर आक्षेप आला: जे कुणाला नकोच आहे, त्यावर बंदी कशाला घालायची? गवत खाऊ नये असा कायदा कोणी करत नाही. मनोविश्लेषणाचा जनक फ्रॉइड याने हाच आक्षेप धरून १९१३ मध्ये उलटं म्हटलं की निषेध इतका कडक आहे, म्हणजे इच्छाही तितकीच प्रबळ असणार. पुढची अनेक वर्षं सुशिक्षित मंडळी फ्रॉइडच्या बाजूने होती.

वेस्टरमार्कच्या बाजूने पुरावा मिळाला तो तैवानमधून. तिथे गरीब घरांत सून दूधपिती असतानाच आणून, होणाऱ्या नवऱ्याबरोबर बहीण-भावासारखी वाढवायची चाल होती. आर्थर वुल्फ यांनी उत्तर तैवानातल्या जपानी अंमलातल्या नोंदवह्यांमधून अशा हजारो लग्नांचा माग काढला. मोठेपणी आणलेल्या सुनांच्या तुलनेत या जोडप्यांना मुलं कमी झाली होती आणि त्यांच्यात काडीमोड जास्त होते. इस्राएलमधल्या किबुत्झ नावाच्या सामूहिक वसाहतींत मुलांना पाळणाघरात एकत्र वाढवत. तिथल्या २,७६९ लग्नांच्या नोंदी जोसेफ शेफर यांनी तपासल्या. जन्मापासून सहा वर्षांचं होईपर्यंत एकाच गटात सलग वाढलेल्या मुलामुलींनी एकमेकांशी लग्न केल्याचं एकही उदाहरण त्यांना सापडलं नाही. (पुढे याच किबुत्झवाल्यांच्या मुलाखती घेतल्या तेव्हा "आवडायची हो ती मला, पण लोक काय म्हणतील" असं सांगणारेही निघाले. माणसाच्या बाबतीत पुरावा इतका स्वच्छ कधीच नसतो.)

आणि मग इजिप्त. रोमन अमलातल्या पहिल्या तीन शतकांतल्या जनगणनेच्या, पपायरस या जुन्या कागदावरच्या नोंदी सापडल्या आहेत. त्यांत नोंदलेल्या लग्नांपैकी साधारण सहातलं एक लग्न भाऊ-बहिणीचं दिसतं. हे राजघराण्यातलं नाही, शेतकऱ्या-कारागिरांच्या घरांतलं. यातले काही "भाऊ" म्हणजे दत्तक घेतलेले घरजावई असावेत, असा काहींचा तर्क आहे, पण सगळ्यांना तो लागू होईल असं मला वाटत नाही. म्हणजे ज्याला आपण माणसाचा सगळ्यात जुना, सगळ्यात पक्का निषेध म्हणतो, तोही एका समाजाने पिढ्यान्‌पिढ्या बाजूला ठेवला होता.

वेस्टरमार्कचं म्हणणं मला सख्ख्या भावंडांपुरतं पटतं. आपल्या वाड्यांमध्ये चुलत भावंडं एकाच पंगतीत जेवली, एकाच सतरंजीवर झोपली. मामाची मुलगी भेटली ती मे महिन्याच्या सुट्टीत. त्यामुळे थोडं तेही जुळतं. पण मुंबईत वाढलेल्या आणि गावी कधी न गेलेल्या चुलत बहिणीचं काय? तिलाही तोच नियम लागतो. भावना लहानपणी कुठेतरी रुजते, पण नियम तिच्यापेक्षा बराच मोठा असतो आणि त्याची हद्द कुठवर जाते हे समाज ठरवतो.

आपल्याकडे ही हद्द बघायची असेल तर लग्नाकडे नका बघू, सुतकाकडे बघा.

काका गेला तर दहा दिवस सुतक. चुलत-चुलत, सात पिढ्यांपलीकडे नातं गेलं तरी तीन दिवस चालतंच. मामा गेला तर दीड दिवस, फार तर तीन. लग्न झालेल्या मुलीला स्वतःच्या आईबापाचंही तीनच दिवसांचं. आता हे वर्तुळ कागदावर काढा. ज्यांचं दहा दिवसांचं सुतक तुम्हाला लागतं, त्यांचं आणि तुमचं कुलदैवत एक, कूळ एक, मराठा आणि तत्सम जातींत देवक एक, आणि पूर्वी बांधही एकमेकाला लागून. यांनाच आपण भावकी म्हणतो. जमिनीचा दावा लागतो तो यांच्याशी आणि खांदा द्यायला येतात तेही हेच. लग्नाच्या बंदीचं वर्तुळ जवळजवळ याच रेषेवरून फिरतं.

देवकाची गोष्ट मला विशेष वाटते. कुणाचं देवक कळंब, कुणाचं पंचपल्लव, कुणाचं वेळू, कुणाचं मोराचं पीस. ज्याचं देवक कळंब, त्याने ते झाड तोडायचं नाही, त्याचं लाकूड चुलीत घालायचं नाही, आणि ज्या घराचं देवक तेच, त्या घरची मुलगी करायची नाही. झाडाबद्दलचा निषेध आणि मुलीबद्दलचा निषेध एकाच धाग्यात ओवलेले. लग्नाच्या आदल्या दिवशी वाजतगाजत देवक आणून बसवतात तेव्हा दोन्ही घरं मांडवात जाहीर करत असतात की आमचं मूळ वेगळं आहे, म्हणून हे लग्न होऊ शकतं. आजकाल हॉलवाला सकाळी नऊला ताबा देतो आणि देवक अर्ध्या तासात उरकतं. पण "देवक बसलं का?" हे विचारल्याशिवाय जुन्या बायका पुढचं काम सुरू करत नाहीत.

मामाचं घर या वर्तुळाच्या बाहेर. कूळ वेगळं, देवक वेगळं, सुतक नाममात्र. म्हणून ती मुलगी चालते.

इथे चाणाक्ष माणूस मला अडवतो: मग मावशीची मुलगी का नाही चालत? मावशी दुसऱ्या कुळात दिलेली, तिचं कूळ आमच्याहून वेगळं. हा आक्षेप बरोबर आहे आणि नुसतं कूळ सांगून तो सुटत नाही. त्यासाठी लग्नाकडे दोन घरांमधला व्यवहार म्हणून बघावं लागतं. मामाचं घर हे तुमच्या घराला मुलगी देणारं घर. तुमची आई तिथूनच आली. तुमच्यासाठी तिथूनच सून आणली तर तोच व्यवहार पुढे चालू राहतो. पण मावशीचा नवरा तुमच्या वडिलांचा साडू. दोघांनीही एकाच दारातून मुलगी आणलेली, दोघेही घेणारे. साडवा-साडवांत थट्टा चालते, देणंघेणं नसतं. शिवाय आई गेली तर मावशीच सावत्र आई होऊन घरात येण्याची चाल होती. "माय मरो, मावशी जगो" ही म्हण काही उगाच आली नाही. दोन बहिणी सख्ख्या जावा होऊन एकाच घरात पडण्याचीही चाल होती, मग त्यांची मुलं चुलत भावंडंच झाली. जिला उद्या आई म्हणावं लागेल, तिच्या मुलीशी लग्न कसं करणार?

आणि आत्याची मुलगी? तिच्याबद्दल महाराष्ट्रात एकमत नाही. बऱ्याच मराठा घरांत मामाची मुलगी हक्काची, पण आत्याची मुलगी नको. कारण आत्या ज्या घरात दिली ते आपल्यापेक्षा मानाचं घर झालं. तिथून मुलगी मागायची म्हणजे मानपान उलटा. साटंलोटं करणाऱ्यांनी हे गुंडाळून ठेवलं. हुंडा वाचायचा असला की मानपान बराच लवचीक होतो. एका शहरातल्या ब्राह्मणांतही नियम सारखे नाहीत. ऋग्वेदी देशस्थांत मामाची मुलगी चालते, यजुर्वेदी माध्यंदिन शाखेच्या घरांत आईच्या माहेरचं गोत्रसुद्धा टाळतात, चित्पावनांत हे लग्न रूढ नाही.

फ्रेंच मानवशास्त्रज्ञ क्लोद लेवी-स्त्रोस यांनी १९४९ मध्ये हाच विचार जगभरासाठी मांडला. त्यांच्या मते बहिणीशी लग्न न करण्याचा नियम मुळात बहीण दुसऱ्याला द्यायला लावणारा नियम आहे. मानवशास्त्रज्ञ मार्गारेट मीड यांनी न्यू गिनीतल्या आरापेश लोकांना बहिणीशी लग्नाबद्दल विचारलं होतं. त्यांना त्यात पाप वगैरे दिसलं नाही, वेडेपणा दिसला. त्यांचं म्हणणं असं की तसं केलंस तर तुला मेहुणा मिळणार नाही, मग शिकारीला कोणाबरोबर जाशील, कोणाकडे पाहुणा म्हणून जाशील? मला हे उत्तर फ्रॉइडच्या अख्ख्या ग्रंथापेक्षा जास्त पटतं. अर्थात लेवी-स्त्रोस यांच्या मांडणीत बायका म्हणजे देवाणघेवाणीची वस्तू होतात, आणि ज्या बायकांनी मला वंशावळ्या सांगितल्या त्यांना ते वाचून दाखवलं असतं तर त्यांनी मला चहाही दिला नसता. मामाची मुलगी आणण्याचा हट्ट बहुतेक घरांत आईचा असतो. भावाची मुलगी सून म्हणून आली की तिला म्हातारपणी घरात माहेरचं माणूस मिळतं. हे राजकारण पुरुषांच्या सिद्धांतांत क्वचितच येतं.

तुमच्या लखनौच्या बाई चुकल्या का? त्यांच्या जागी त्या बरोबर आहेत. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात काम करणाऱ्या इरावती कर्वे यांनी १९५३ मध्ये भारतभरच्या नातेसंबंधांचा नकाशा मांडला, तो आजही उपयोगी आहे. उत्तरेत मुलगी लांब द्यायची. स्वतःच्या गावात नाही, आईच्या कुळात नाही, काही ठिकाणी आजीच्या कुळातही नाही. दरवेळी नवं घर जोडायचं. दक्षिणेत जुनीच नाती पुन्हापुन्हा घट्ट करायची. मामाची मुलगी तर चालतेच, तमिळ, तेलुगू, कन्नड समाजांत मामाने सख्ख्या भाचीशी लग्न करणंही रूढ होतं. ते ऐकून मराठी माणसाचं तोंड तितकंच वाकडं होतं, जितकं लखनौच्या बाईंचं झालं. महाराष्ट्र मधोमध असल्यामुळे आपल्याला दोन्हीकडच्यांचं आश्चर्य वाटतं.

हे भांडण आजचं नाही. बौधायन धर्मसूत्रात दक्षिणेच्या पाच वादग्रस्त चालींची यादी आहे, त्यात मामाची किंवा आत्याची मुलगी करणं येतं. उत्तरेच्या पाचांत लोकर विकणं आणि समुद्रप्रवास करणं येतं. पुढे म्हटलंय की जी चाल जिथली, तिथे ती चालते, दुसरीकडे केली तर दोष. मनुस्मृती मात्र अकराव्या अध्यायात आत्याची, मावशीची, मामाची, तिन्ही मुलींना एकाच रांगेत बसवून चांद्रायण प्रायश्चित्त सांगते. आणि सुभद्रा अर्जुनाच्या मामाचीच मुलगी होती, कुंती वसुदेवाची बहीण. पुराणिकांना यावरून अडचणीत टाकायची मजा मी तरुणपणी पुष्कळ घेतली आहे.

बाहेर बघितलं तर रेषा आणखी भलतीकडून जाते. अरब समाजात काकाची मुलगी पहिल्या हक्काची, कारण मालमत्ता आणि कुळाची ताकद घरात राहते. युरोपात चर्चने एकेकाळी सातव्या पायरीपर्यंतचे नातेवाईक वर्ज्य केले होते. १२१५ मध्ये ती मर्यादा चौथ्या पायरीवर आणावी लागली, कारण खेड्यात लग्नाला कुणी उरेना. इंग्लंडमध्ये मेलेल्या बायकोच्या बहिणीशी लग्न १९०७ पर्यंत बेकायदा होतं. आपल्याकडे दोन तान्ही मुलं मागे ठेवून बायको गेली की सगळे सर्वांत आधी तिच्याच बहिणीकडे बघत.

आता एक गोष्ट, जी या विषयावर बोलताना सोयीस्करपणे विसरली जाते. ही सगळी चर्चा आतल्या रेषेची आहे, म्हणजे किती जवळचं नको याची. बाहेर दुसरी रेषा आहे, किती लांबचं नको याची, आणि तिचं नाव जात. बाबासाहेब आंबेडकरांनी ९ मे १९१६ रोजी कोलंबिया विद्यापीठात वाचलेल्या निबंधात हे मांडलं होतं की भारतात मूळ नियम बाहेर लग्न करण्याचाच, गोत्राबाहेर, कुळाबाहेर. त्यावर जातीतच लग्न करण्याचा नियम लादला गेला आणि जात तयार झाली. माझ्या मते आपल्याकडच्या निषेधांवर इतकं नेमकं कुणी लिहिलेलं नाही. आतली रेषा ओलांडली तर महाराष्ट्रात लोक हसतात, नाक मुरडतात. बाहेरची ओलांडली तर खून पडले आहेत. हरियाणात आतल्या, सगोत्राच्या रेषेसाठीही पडले आहेत. "शास्त्रीय कारण" शोधणारे लोक बाहेरच्या रेषेसाठीही कारण शोधू लागतात तेव्हा मी चर्चा थांबवतो.

असे निषेध कधी मोडतात का? मोडतात, आणि मोडतात तेव्हा आश्चर्य वाटावं इतक्या शांतपणे. हवाईमध्ये बायकांनी पुरुषांबरोबर जेवायचं नाही, केळी आणि डुकराचं मांस खायचं नाही, मोडल्यास मृत्युदंड, असा कडक नियम होता. १८१९ मध्ये तरुण राजा लिहोलिहो बायकांच्या पंगतीत जाऊन जेवला. त्यामागे राणी काआहुमानूची चाल होती. देवाने काही केलं नाही, आणि व्यवस्था कोसळली. काही सरदार तिच्यासाठी लढले, पण हरले. आपल्याकडे सगोत्र विवाहावरचा निषेध असाच कागदावर संपला. १९४५ च्या सुमारास मुंबई उच्च न्यायालयाने एका देशस्थ ब्राह्मण जोडप्याचं सगोत्र लग्न वैध ठरवलं, १९४६ मध्ये कायदा आला, १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात गोत्राचा अडसर उरलाच नाही. वधू-वर सूचक मंडळांच्या फॉर्मवर गोत्राचा रकाना मात्र अजून आहे.

तुमच्या पुतण्यापुरतं दोन कामाच्या गोष्टी. एक, १९५५ च्या कायद्यात मामाची मुलगी आणि काकाची मुलगी दोन्ही निषिद्ध नात्यांत मोडतात. मामाची मुलगी चालते ती फक्त "रूढी असेल तर" या अपवादामुळे. रूढी जुनी आणि सलग चालत आलेली असावी लागते. तुमच्या समाजात अशी लग्नं झाली असतील तर काळजी नाही. लग्न विशेष विवाह कायद्याखाली नोंदवणार असाल तर तिथे रूढीचा अपवाद फक्त राज्य सरकारने राजपत्रात जाहीर केलेल्या रूढींपुरता आहे, त्यामुळे आधी वकिलाशी बोलून ठेवा.

दुसरी गोष्ट डॉक्टरची. कुठल्याही जोडप्याच्या बाळात गंभीर जन्मजात दोष असण्याची शक्यता शंभरात साधारण दोन-तीन असते. मामे-आते लग्नात तीत आणखी दोन-तीनची भर पडते. घाबरून लग्न मोडण्याइतकं हे नाही, दुर्लक्ष करण्याइतकंही नाही. मूल होऊ देण्याआधी आनुवंशिकता समुपदेशकाला भेटा, दोघांची थॅलेसेमियाची आणि सिकलसेलची तपासणी करून घ्या, घरात कुणी जन्मतः बहिरं, मतिमंद किंवा लहानपणी दगावलेलं असेल तर ते लपवू नका. आणि हा आकडा एकाच पिढीत असं लग्न झालंय असं धरून काढलेला आहे. पिढ्यान्‌पिढ्या त्याच दोन घरांत देणंघेणं चालू असेल तर धोका वाढतो, त्यामुळे मुलाची आई, आजी आणि पणजी कोणत्या घरांतून आल्या हे जुन्या माणसांना विचारून कागदावर लिहा आणि तो कागद समुपदेशकाकडे न्या.